भिंतीतले भोक आणि पुसलेली माणसे

जॉर्ज ऑर्वेल हा इंग्रज लेखक जन्मला बिहारातल्या मोतिहारीला, १९०३ साली. बाप इंग्रज सरकारच्या अफू खात्यात नोकरीला होता. पुढे १९४१ ते १९४३ या काळात त्याने बीबीसीवरून हिंदुस्थानातील श्रोत्यांसाठी कार्यक्रम केले. म्हणजे सरकारी प्रचाराचा कारखाना त्याने आत बसून पाहिला होता. १९४९ साली त्याची ‘नाइन्टीन एटी-फोर’ ही कादंबरी आली. तिच्यातली एक कल्पना चळवळीच्या माणसाने नीट समजून घ्यावी अशी आहे.

कादंबरीत ‘सत्य मंत्रालय’ नावाची अवाढव्य इमारत आहे. तिच्या खोल्याखोल्यांतून, व्हरांड्यांतून भिंतीला भोके ठेवलेली. त्यांना म्हणतात ‘मेमरी होल’. नको असलेला कागद त्यात टाकायचा, गरम हवेचा झोत तो ओढून नेतो आणि इमारतीत दडलेल्या भट्टीत त्याची राख होते. तिथे विन्स्टन स्मिथ नावाचा कारकून काम करतो. चॉकलेटचे रेशन वर्षभर कमी होणार नाही असे आश्वासन सरकारने दिलेले असते. ते तीस ग्रॅमवरून वीसवर आणायचे ठरते. विन्स्टन जुन्या अंकातला मजकूर असा बदलतो, की कपातीची पूर्वसूचना आधीच दिली होती असे वाटावे. जुना अंक भोकात, नवा फायलीत. दुसऱ्या दिवशी बातमी येते की रेशन वाढवून वीस ग्रॅम केल्याबद्दल लोकांनी मिरवणुका काढून नेत्याचे आभार मानले!

वाचक बंधू-भगिनींनो, यातली खरी भयंकर गोष्ट भट्टी नव्हे. विन्स्टन हुकूमशहाचा द्वेष करतो, चोरून डायरी लिहितो. आणि तरीही हे खोडाखोडीचे काम त्याला मनापासून आवडते. एकदा नेत्याच्या जुन्या भाषणातून एका गारद झालेल्या माणसाचा गौरव काढायचा असतो. त्या जागी तो ओगिल्व्ही नावाचा एक शहीद बसवतो. हा माणूस कधी जन्मलाच नव्हता! इतिहास पुसणारा हात असा आपल्यासारख्याच माणसाचा असतो.

ऑर्वेलने हे हवेतून आणले नाही. स्टॅलिनच्या रशियात गुप्त पोलिसांचा प्रमुख येझॉव्ह याला १९४० साली गोळी घातली गेली आणि मॉस्को कालव्यावर स्टॅलिनच्या शेजारी उभा असलेल्या त्याच्या छायाचित्रातून त्याला काढून नुसते पाणी दाखवले गेले. हजारोंना नाहीसा करणारा स्वतःच नाहीसा झाला. कादंबरीनंतरही हे थांबले नाही. बेरियाला डिसेंबर १९५३ मध्ये मारल्यावर सोव्हिएत विश्वकोशाच्या वर्गणीदारांकडे नवी पाने आली: बेरियाचा लेख कापून काढा आणि त्या जागी बेरिंग समुद्राची माहिती चिकटवा. कात्री सरकारने चालवली नाही, वाचकाच्याच हाती दिली.

तेव्हा प्रश्न आपल्याही घरचा येतो. ब्राह्मणी इतिहासलेखनाने आपल्याला कसे पुसले हे आपण शंभर वेळा सांगतो, आणि ते सांगितलेच पाहिजे. पण ‘द बुद्ध अँड हिज धम्म’ची गोष्ट काय सांगते? बाबासाहेबांनी १९५६ साली या ग्रंथाला प्रस्तावना लिहिली. आपण मृत्यूच्या दारातून परतलो ते पत्नीच्या आणि डॉ. मालवणकरांच्या वैद्यकीय कौशल्यामुळे, अशी कृतज्ञता त्यांनी तीत व्यक्त केली. महापरिनिर्वाणानंतर १९५७ साली ग्रंथ निघाला, तो या प्रस्तावनेशिवाय. त्याच काळात माईसाहेबांवर संशय घेतला जात होता आणि त्या चळवळीपासून दूर फेकल्या गेल्या. ज्या पानावर साक्षात बाबासाहेबांची साक्ष होती, नेमके तेच पान वाचकासमोर नव्हते. इथे कोणी हुकूमशहा नव्हता, भट्टीही नव्हती.

फरक एवढाच, की आपला कागद जळला नव्हता. भगवान दास यांनी १९८० साली बाबासाहेबांच्या दुर्मिळ प्रस्तावनांच्या पुस्तकात तो छापला. कादंबरीतल्या विन्स्टनच्या हातीही एकदा सरकारचे खोटे उघडे पाडणारे छायाचित्र आले होते. भीतीपोटी त्याने स्वतःच ते भोकात टाकले. भगवान दासांनी मिळालेला कागद छापून अनेकांच्या हाती दिला. मधली तेवीस वर्षे मात्र माईसाहेबांना परत मिळाली नाहीत. त्या २००३ साली गेल्या.

आपल्या घरी, विहारात, वस्तीच्या वाचनालयात या ग्रंथाची जी प्रत असेल ती काढा. ती प्रस्तावना तिच्यात आहे का, ते आजच पाहा. नसेल तर मिळवा, तिची प्रत काढा आणि ग्रंथात घालून ठेवा.