पाइपलाइन कुणाच्या पाण्याखालून?

सख्यांनो, आपल्या तळ्याखालून तेलाची पाइपलाइन जाणार असं कळलं, तर पहिला प्रश्न कोणता पडेल? फुटली तर प्यायच्या पाण्याचं काय! अमेरिकेतल्या स्टँडिंग रॉक इथल्या सू आदिवासींनीही हेच विचारलं.

डकोटा ॲक्सेस नावाची ही पाइपलाइन सुमारे १,९०० किलोमीटर लांब. ती मिसुरी नदीवरच्या ओआहे तलावाच्या तळाखालून जाणार होती. या लोकांचं पाणी त्याच तलावातून येतं. आधी बिस्मार्क शहराच्या वरच्या अंगाचा मार्गही तपासला होता. तो सोडून दिला, त्याचं एक कारण शहराच्या पाण्याला असलेला धोका. मग आमच्या पाण्याला धोका चालतो का, असं आदिवासी म्हणाले.

एप्रिल २०१६ मध्ये लाडोना ब्रेव्ह बुल अलार्ड या बाईंनी नदीकाठची आपली जमीन आंदोलनाच्या तळासाठी दिली. तरुण पोरंपोरी सह्यांचा अर्ज घेऊन धावत वॉशिंग्टनला गेली. बघता बघता हजारो लोक जमले. नोव्हेंबरच्या गोठवणाऱ्या थंडीत पोलिसांनी पाण्याचे फवारे मारले, तरी माणसं हटली नाहीत. ४ डिसेंबरला सरकारने तलावाखालची परवानगी नाकारली.

पण सरकार बदललं. फेब्रुवारी २०१७ मध्ये परवानगी मिळाली आणि जूनपासून तेल वाहू लागलं. आदिवासींची कोर्टातली लढाई चालूच होती. त्यांच्या तज्ज्ञांच्या लेखी आक्षेपांना सरकारने समाधानकारक उत्तर दिलेलं नाही, असं २०२० मध्ये न्यायालयाने म्हटलं आणि पर्यावरणाचा सविस्तर अभ्यास करायला सांगितलं. पाइपलाइन बंद झाली नाही, पण कागदावरचा आक्षेप कोर्टात टिकला.

आपल्याकडेही हे लक्षात ठेवण्यासारखं आहे. तेल-गॅसच्या पाइपलाइनसाठी १९६२ चा केंद्राचा कायदा आहे. त्यात जमीन आपल्याच नावावर राहते, पण त्या पट्ट्यात घर बांधता येत नाही, विहीर खणता येत नाही, झाड लावता येत नाही. अधिसूचना निघाल्यापासून २१ दिवसांत सक्षम प्राधिकाऱ्याकडे लेखी हरकत देता येते. तोंडी सांगून भागत नाही.

म्हणून गावात मोजणीची माणसं दिसली, की गटाच्या बैठकीत विषय काढा. गट नंबर विचारा, अधिसूचनेची तारीख लिहून घ्या. हरकत दिली की पोच घ्यायला विसरू नका.