रूळ शंभरीचे, थांबा कालचा

4 जानेवारी आली की मला बेंगळुरूच्या विमानतळाजवळचा तो एकटा फलाट आठवतो. 2021 साली त्या तारखेला तिथे पहिल्यांदा गाडी थांबली. विमानतळाच्या कंपनीने पदरमोड करून बांधलेला हॉल्ट. स्टेशन मास्तर नाही, हमाल नाही. गाडीने यावं, क्षणभर थांबावं, निघून जावं.

येलहंकाहून देवनहळ्ळीवरून चिक्कबळ्ळापूरला जाणारी ही वाट 1915 सालची, तेव्हा नॅरोगेज. मधली ऐंशी वर्षं मी पाहिलेली नाहीत, म्हणून सोडतो. नव्वदच्या दशकात जाफर शरीफ रेल्वेमंत्री असताना देशभर रूळ रुंदावले, त्यात ही वाटही ब्रॉडगेज झाली. वाटेवरचं दोड्डजालाचं दगडी स्टेशन मात्र ओस पडलं.

माझं दशक त्यानंतरचं. 24 मे 2008 रोजी विमानतळ शहरातून उठून देवनहळ्ळीकडे गेला आणि आमच्या झोपेचं खोबरं झालं. लेक पुण्याला. पहाटेचं विमान म्हटलं की रात्री दोनला उठायचं, टॅक्सीवाल्याला तीनदा फोन करायचा, हेब्बाळचा पूल पार होईपर्यंत रामरक्षा म्हणायची. एकदा ऐन वेळी टॅक्सी आलीच नाही. बॅग घेऊन यशवंतपूरच्या रस्त्यावर उभा होतो आणि स्टेशनातून इंजिनाचा भोंगा ऐकू येत होता. येलहंकामार्गे हेच रूळ पुढे विमानतळाच्या जवळून जातात. तिथे नुसतं थांबायचं होतं. त्याला साडेबारा वर्षं लागली.

थांबा झाल्यावर हौसेने गेलो. तिकीट दहा-पंधरा रुपयांचं, टॅक्सीचे जवळपास हजार. माझ्याबरोबर उतरली चार माणसं, त्यातली दोघं गळ्यात ओळखपत्र अडकवलेली, ड्युटीवर निघालेली. ट्रॉलीबॅगवाला मी एकटाच.

मग गाड्या कमी झाल्या. कारण काय, तर म्हणे प्रवासी नाहीत! विमानं अष्टौप्रहर उडतात. गाड्या मोजक्या, रूळ एकेरी, पहिल्या वेळापत्रकात रविवारी सुट्टी. असल्या भरवशावर विमान चुकवायला कोण येणार?

जून 2022 मध्ये उपनगरी रेल्वेची पायाभरणी झाली. खर्च 15,767 कोटी, मार्गांना फुलांची नावं. बेंगळुरूच्या मुख्य स्टेशनातून विमानतळाकडे जाणारा मार्ग ‘संपिगे’, म्हणजे आपला सोनचाफा. आधी हात लागला तो मल्लिगे आणि कनक या मार्गांना. चाफा अजून कागदावरच फुलतो आहे.

पुण्याच्या मंडळींना एवढंच सांगणं: पुरंदरच्या विमानतळाच्या गप्पा निघतील तेव्हा स्टेशन कुठे, हे विचाराच, पण त्याआधी विचारा, पहाटे चारला गाडी आहे का?