फ्रीज बिघडला, इन्शुलिनचे काय?

परवा दुपारी आमचे एक निवृत्त गुरुजी दवाखान्यात आले ते तणतणतच. फ्रीज बंद पडून चार दिवस झाले, मेकॅनिक रोज ‘उद्या येतो’ म्हणतो आणि येत नाही. रक्तदाब पाहिला, १७०/१००. दहा मिनिटे बाकावर शांत बसवले आणि पुन्हा पाहिला तर १४४/८८. रागाच्या भरातल्या एका आकड्यावरून गोळी वाढवायची नसते. मी वाढवली नाही. (ऐन पाहुण्यांच्या वेळी आमच्या घरचा मिक्सर जळाला, तेव्हा मी स्वतःचा रक्तदाब मोजला नव्हता, हे बरेच झाले!)

जाता जाता विचारले, “गुरुजी, इन्शुलिन कुठे ठेवता?”

“फ्रीजमध्येच की, डॉक्टरसाहेब. बंद असला म्हणून काय झाले?”

वाचकहो, मे महिन्यात बंद पडलेला फ्रीज म्हणजे दार लावलेले कपाट. चार-सहा तासांत आतला गारवा संपतो. इन्शुलिन हे प्रथिन. उन्हाळ्याच्या उष्णतेने त्याची ताकद घटत जाते आणि बाटलीकडे पाहून ते कळेलच असे नाही. गुरुजींची साखर २९० निघाली. दोष बाटलीचा, चिडचिडीचा की आमरसाचा, हे सांगणे कठीण. रागातही साखर चढते. पण बाटली बदलायला लावली. इन्शुलिन बंद मात्र करायचे नाही, हे बजावून सांगितले.

न उघडलेली बाटली २ ते ८ अंश तापमानात ठेवावी लागते. वापरात असलेली बाटली साधारण २५ ते ३० अंशांपर्यंत सुमारे चार आठवडे चालते; वेष्टनावरची सूचना वाचावी. आपल्याकडे उन्हाळ्यात खोली याहून कितीतरी तापते. अशा वेळी कुंभाराकडचे मडके कामाला येते. मोठ्या मडक्यात ओली वाळू, तिच्यात लहान मडके, त्यात प्लॅस्टिकच्या पिशवीत घट्ट बांधलेली बाटली, वर ओले फडके. मडके सावलीत, वारा लागेल असे ठेवावे. वाळू सुकू देऊ नये. बाटली थेट बर्फावर कधीही ठेवू नये. गोठलेले इन्शुलिन वितळले तरी फेकूनच द्यावे. एरवी पाण्यासारखे स्वच्छ असणारे इन्शुलिन गढूळ झाले, किंवा दुधाळ इन्शुलिन हलवूनही त्यात गुठळ्या राहिल्या, तर तेही टाकावे.

सहाव्या दिवशी मेकॅनिक आला. संध्याकाळी गुरुजींच्या पत्नींचा फोन, “आता बाटली परत आत ठेवू ना?”

म्हटले, “ठेवा वहिनी, पण दाराच्या कप्प्यात. बर्फाच्या कप्प्याजवळ नको.”