कल्ल्यातला चिमटेवाला

मासे घेताना आपण आधी काय करतो? कल्ले उघडून बघतो. आत लालभडक असेल तर मासा ताजा, फिकट दिसलं की पुढच्या टोपलीकडे. पण आज ज्या माशाबद्दल मी बोलणार आहे, त्याचे कल्ले जिवंतपणीच फिके पडतात.

मासा भूमध्य समुद्रातला, गिल्टहेड सीब्रीम. दोन डोळ्यांच्या मधे सोनेरी पट्टा असतो. स्पेनमध्ये त्याला दोरादा म्हणतात, म्हणजे सोनेरी. ग्रीस, तुर्कस्तान, स्पेनच्या किनाऱ्यांजवळ समुद्रात जाळ्यांचे पिंजरे सोडून त्याची शेती करतात. आणि त्याच्या कल्ल्यांवर बसतो एक चपटा कृमी, स्पॅरिकोटाइल क्रिसोफ्राय. शास्त्रज्ञांना तो 1863 पासून माहीत आहे. नाव उच्चारताना जीभ अडखळते, म्हणून मी त्याला सरळ चिमटेवाला म्हणतो.

लांबी काही मिलिमीटर. मागच्या टोकाला बारीक चिमट्यांच्या दोन रांगा. कल्ल्याच्या पातळ पाकळ्या त्यात घट्ट धरायच्या, तोंडाकडचा भाग मोकळा ठेवायचा आणि रक्त प्यायचं. आता बघा, माशाला ऑक्सिजन मिळतो तो याच पाकळ्यांतून, आणि शरीरभर पोचतो तो रक्तातून. चिमटेवाला दोन्हीकडे हात मारतो. असे बरेच जमले की माशाला पंडुरोग होतो, तो सुस्तावतो, खाणं सोडतो आणि चांगल्या पाण्यात असूनही गुदमरून मरू शकतो. (विचारायच्या आधीच सांगतो : हा कृमी माणसाला लागत नाही.)

खरी करामत मात्र त्याच्या अंड्यात आहे. अंड्याला लांब धागे असतात, आणि ते कशातही अडकतात. अंड्यातून केसाळ, पोहणारी अळी निघते. यकृतातल्या काही चपट्या कृमींना मधे गोगलगाय लागते, तसा याला मधला कुणी लागत नाही. अळी थेट माशावर जाते. पण तिच्याकडे वेळ थोडा असतो. मोकळ्या समुद्रात तेवढ्यात मासा सापडेलच असं नाही. पिंजऱ्यात काय होतं? अंडी जाळ्यालाच अडकतात, आणि अळी बाहेर येते तेव्हा समोर एकाच जातीचे हजारो मासे! म्हणजे मासे राखायला बांधलेलं जाळंच चिमटेवाल्याचं पाळणाघर होतं.

मग उपाय? माशांना फॉर्मॅलिन किंवा हायड्रोजन पेरॉक्साइड मिसळलेल्या पाण्यात ठरावीक वेळ ठेवतात. कल्ल्यांवरचे बरेचसे कृमी मरतात. अंडी मात्र कवचाच्या आत सुरक्षित. म्हणून एका आंघोळीने भागत नाही. दुसरी द्यायची ती अंडी फुटल्यानंतर, पण नवे कृमी मोठे होऊन अंडी घालायच्या आत. पाणी गरम असेल तर अंडी लवकर फुटतात, त्यामुळे उन्हाळ्यात हे अंतर आणखी कमी. आणि अंडी लागलेलं जाळं बदललंच नाही, तर धुतलेल्या माशांवर त्यातूनच पुन्हा नव्या अळ्या चढतात.