मारेकरी आठवतो, मुलं आठवत नाहीत

कोल्हापूरच्या बालहत्याकांडाचा विषय निघाला, की कराड-सांगलीकडच्या पन्नाशीतल्या माणसांना अंजनाबाई आणि तिच्या मुली रेणुका, सीमा ही नावं लगेच आठवतात. १९९० ते १९९६ या काळात या मायलेकींनी चोरीच्या वेळी ढाल म्हणून वापरायला लहान मुलं पळवली, नकोशी झाली तेव्हा मारली. सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये दोघी बहिणींची फाशी कायम केली. १८ जानेवारी २०२२ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने ती जन्मठेपेत बदलली आणि बातम्यांतून पुन्हा तेच दोन चेहरे समोर आले.

मुलं दिसली नाहीत. दिसणार तरी कशी? पहिला बळी कोल्हापुरात भीक मागणाऱ्या एका बाईचं मूल होतं. त्या काळात आपल्याकडे घरातलं शूटिंग म्हणजे लग्नाची व्हीएचएस कॅसेट. ज्या घराला दार नाही, तिथे कॅसेट कुठली?

गुन्ह्यांवरच्या माहितीपटांत जुनं फुटेज फार मोठं काम करतं. २०२० चा ‘अमेरिकन मर्डर : द फॅमिली नेक्स्ट डोअर’ आठवा. कोलोरॅडोतली एक गरोदर आई आणि तिच्या दोन चिमुकल्या मुली २०१८ मध्ये मारल्या गेल्या. या माहितीपटात निवेदक नाही. आईने स्वतः टाकलेले व्हिडिओ, तिचे मेसेज आणि पोलिसांच्या कॅमेऱ्यातली दृश्यं यांतूनच सगळं उलगडतं. मुली हसतात, बोलतात, घरभर पळतात. मृतदेहाचं एकही चित्र सांगू शकणार नाही ते या दृश्यांतून कळतं : काय हिरावलं गेलं ते.

आता आपल्याकडचं पाहा. शीना बोरा २०१२ मध्ये नाहीशी झाली, २०१५ मध्ये तिच्या खुनाचं प्रकरण उघडकीस आलं. २०२४ च्या फेब्रुवारीत नेटफ्लिक्सवर त्यावर मालिका आली, तीही खटला सुरू असताना. सीबीआयने स्थगिती मागितली. न्यायमूर्तींनी मालिका पाहून स्थगिती नाकारली. मालिकेच्या नावात मात्र शीनाची आई आणि खटल्यातली आरोपी इंद्राणी मुखर्जी आहे, शीना नाही. तरुण मुलीचे फोटो आईच्या गोष्टीचा पुरावा म्हणून येतात, हे खटकतं.

काही प्रकरणांत तर चेहरा दाखवताच येत नाही. बलात्कार करून मारलेल्या मुलीची ओळख उघड करायला कायद्याची मनाई आहे, मृत्यूनंतरही. ती मनाई योग्यच आहे. तिथे चेहऱ्याविना आठवण जपावी लागते : तिची शाळा, तिचा खेळ, तिच्या वह्या, तेही घरच्यांना विचारून आणि ओळख पटणार नाही अशा बेताने.

माहितीपट करणाऱ्यांनी मारेकऱ्याच्या मुलाखतीआधी बळीच्या घरी जावं. तिथे फोटो नसेल, तर फोटो नाही हेच पडद्यावर स्पष्ट सांगावं. ती जागा आरोपीच्या चेहऱ्याने भरू नये.