बापाच्या सहीचा रकानाच नाही

परभणी जिल्ह्यातल्या ताडकळससारख्या गावात पोरगी न सांगता गेली की बाप आधी पोलीस ठाणं गाठतो. भावकीत मान खाली गेलेली असते. त्याचं दुःख खोटं नसतं. पण ‘लग्न मोडून द्या’ अशी तक्रार तिथे घेता येत नाही. मुलगी 18 ची, मुलगा 21 चा, दोघांची मर्जी, आधीचं लग्न नाही, जवळचं नातं नाही, एवढं असलं की भागलं. सज्ञानांसाठी आई-बापाची संमती 1955 च्या हिंदू विवाह कायद्यात नाही, 1954 च्या विशेष विवाह कायद्यातही नाही. म्हणून भांडण दुसऱ्याच दाराने कोर्टात शिरतं. आधी ‘मिसिंग’, मग पळवून नेल्याचा गुन्हा.

हे कसं चालतं, ते बेळगाव जिल्ह्यातल्या एका प्रकरणात उघड दिसलं. ऑक्टोबर 2020 मध्ये कॉलेजात शिकवणाऱ्या तरुणीने दिल्लीला जाऊन एका प्राध्यापकाशी लग्न केलं आणि लग्नाचा दाखला घरच्यांना व्हॉट्सॲपवर धाडला. तरी मुरगोड ठाण्यात ती हरवल्याची नोंद कायमच. तिने लेखी कळवूनही तपास अधिकाऱ्याचा फोनवर एकच हेका: इथे येऊन जबाब द्या, नाहीतर नवऱ्यावर अपहरणाचा गुन्हा लागेल. हे फोनवरचं बोलणंच सर्वोच्च न्यायालयापुढे आलं. न्या. संजय किशन कौल आणि हृषिकेश रॉय यांनी 8 फेब्रुवारी 2021 रोजी ती हरवल्याची नोंद रद्द केली, अधिकाऱ्यालाच समुपदेशनाची गरज असल्याचं सुनावलं आणि अशा प्रकरणांसाठी पोलिसांना आठ आठवड्यांत मार्गदर्शक सूचना तयार करायला सांगितल्या. निकालात बाबासाहेबांच्या ‘जातिनिर्मूलना’चा दाखला आहे. त्यांची जयंती दणक्यात करणाऱ्या गावांतही हे पान सहसा कुणी वाचून दाखवत नाही.

खरी गोम बहुतेकदा वयात असते. मास्तरांनी शाळेत नाव घालताना अंदाजाने 1 जून टाकलेली पिढी आपल्याकडे घरोघर आहे. त्याच तारखेवर पुढे कुणाची तरी कोठडी ठरते. कोर्ट आधी शाळेचा किंवा दहावीचा दाखला बघतं, तो नसेल तर ग्रामपंचायतीची जन्मनोंद, आणि काहीच नसेल तर वैद्यकीय तपासणी. मुलगी 18 च्या आतली निघाली, तर तिची मर्जी कायद्याला मान्य नाही. बालकांवरच्या लैंगिक अत्याचारांचा पोक्सो कायदा लागू शकतो.

सज्ञान मुलीला कुणी डांबून ठेवलंय असं वाटलं, तर हेबियस कॉर्पसचा अर्ज उच्च न्यायालयात करायचा. परभणीकरांसाठी ते छत्रपती संभाजीनगरचं खंडपीठ. हा अर्ज बापही करतो, नवराही करतो. मुलीला कोर्टापुढे आणतात आणि तिलाच विचारतात, तुला कुठे राहायचंय?

डिसेंबर 2024 मध्ये मुंबई उच्च न्यायालयापुढे असंच एक जोडपं आलं. मुलगा विशीतला, 21 पूर्ण नसलेला, म्हणजे लग्न अजून शक्य नव्हतं. मुलगी सज्ञान होती, पण तिला शासकीय वसतिगृहात ठेवलेलं. आई-वडील समजावत होते, ती ऐकत नव्हती. न्या. भारती डांगरे आणि मंजूषा देशपांडे यांनी तिला आपल्या मर्जीने जायला मोकळं केलं.