नभोवाणीचे आरंभींचे कागद व त्यांचा कालनिर्णय

नभोवाणीचा जुना कागद हातीं आला म्हणजे 'बी. बी. सी.' हीं तीन अक्षरें संग्राहकास हटकून फसवितात. या एकाच संक्षेपाखालीं दोन भिन्न संस्था होऊन गेल्या. पहिली ब्रिटिश ब्रॉडकास्टिंग कंपनी. ती ऑक्टोबर १९२२ मध्यें रेडिओयंत्रें करणाऱ्या कारखानदारांनीं काढिली व पोस्टखात्याच्या परवान्यावर चालविली. दुसरी ब्रिटिश ब्रॉडकास्टिंग कॉर्पोरेशन. ती १ जानेवारी १९२७ पासून राजसनदेनें अस्तित्वांत आली.

परवाना आणि सनद यांतील भेद आमच्या वाचकांस सांगावयास नको. परवान्यानें काम करण्याची मोकळीक मिळते, सनदेनें संस्थेलाच देह मिळतो. मात्र परवाना कॉर्पोरेशनलाही घ्यावा लागलाच. म्हणून केवळ परवान्याच्या उल्लेखावरून कागद कंपनीचा ठरवूं नये. सहीवरही विसंबतां येत नाहीं. नभोवाणी हें नफ्याचें साधन नसून लोकहिताचें विश्वस्तकार्य आहे, असें आग्रहानें मांडणारे जॉन रीथ प्रथम कंपनीचे व्यवस्थापक होते व पुढें तेच कॉर्पोरेशनचे पहिले महासंचालक झाले. सहीखालचा हुद्दा पाहावा. कंपनी जाऊन सार्वजनिक मंडळ यावें, ही शिफारस क्रॉफर्ड समितीनें १९२६ सालीं केली होती.

मुंबईचा इतिहास याहून निराळा. इंडियन ब्रॉडकास्टिंग कंपनीचें येथील केंद्र २३ जुलै १९२७ रोजीं व्हाइसरॉय लॉर्ड आयर्विन यांनीं उघडिलें. श्रोत्यास परवान्याचे वर्षास १० रुपये पडत; १९२९ अखेर परवाने आठ हजारही भरले नाहींत. १ मार्च १९३० रोजीं कंपनीचें दिवाळें वाजलें आणि १ एप्रिलपासून सरकारनें कारभार हातीं घेतला. येथें सनद आली नाहीं, सरकारी खातें आलें. ऑक्टोबर १९३१ मध्यें सरकारनें तेंही बंद करण्याचें ठरविलें होतें. लोकांनीं ओरड केली, तेव्हां नोव्हेंबरांत तो बेत सोडावा लागला. आमच्या मतें या दोन महिन्यांतील अर्ज व पत्रें सर्वांत मोलाचीं होत, कारण त्यांत श्रोता प्रथमच आपला हक्क सांगतो.

या खात्याचें 'इंडियन स्टेट ब्रॉडकास्टिंग सर्व्हिस' हें नांव ८ जून १९३६ रोजीं जाऊन 'ऑल इंडिया रेडिओ' झालें. परंतु कार्यक्रमपत्रिकेचें नांव त्याआधींच, २२ डिसेंबर १९३५ पासून, 'इंडियन रेडिओ टाइम्स'ऐवजीं 'इंडियन लिसनर' असें झालें होतें. तेव्हां मुखपृष्ठ गेलेल्या एखाद्या अंकांत 'लिसनर' व जुनें खातेनाम हीं दोन्ही आढळलीं, तर तो अंक बहुधा या साडेपांच महिन्यांतला समजावा.